तेरा पूर्णांक एक तृतीयांश

मुलांनो, डोळे मिटून कल्पना करा, असं सांगायची पद्धत आहे. तुम्ही मिटू नका. मिटलेत तर पुढचं वाचणार कोण? उघड्या डोळ्यांनीच कल्पना करा, की तुमच्यासमोर रंगाचे दोन डबे आहेत. एक पांढरा, एक निळा. भिंतीसाठी वीस लिटर फिकट निळा रंग हवा आहे, आणि पांढरा व निळा ३:२ या प्रमाणात मिसळायचे आहेत. तर निळा किती लागेल?

घाई नको. कागदावर पाच सारखी खोकी काढा. तीन पांढरी, दोन निळी. वीस लिटर पाच खोक्यांत सारखे वाटले, की एका खोक्यात आले चार. निळी खोकी दोन, म्हणजे आठ लिटर. संपलं गणित.

आता पुढची कल्पना करा. तुम्ही हे सगळं असंच, पट्टीने खोकी आखून, एकही खाडाखोड न करता चाचणीत सोडवलंत. आणि पेपर परत आला तेव्हा त्या खोक्यांवरून लाल शाईची एक मोठी फुली गेली होती. खाली लिहिलं होतं: ‘चूक. निळा रंग तेरा पूर्णांक एक तृतीयांश लिटर. दहा वेळा लिहून शुक्रवारपर्यंत पालकांची सही आणणे.’

राग आला ना? मला आला. मंगळवारी संध्याकाळी पाच वाजून दहा मिनिटांनी आला, आणि अजून पुरता उतरलेला नाही.

पेपर होता मुंगीचा. मुंगी माझी नात, इयत्ता सातवी. तिचं अक्षर बारीक, सरळ, एकामागे एक चालणारं, म्हणून हे नाव मी ठेवलं. तिचे आईवडील सकाळी साडेसातलाच कामावर जातात, त्यामुळे डबा आजीकडे आणि सह्या माझ्याकडे, अशी आमच्या घरात वाटणी आहे. मी स्वतः एकतीस वर्षं वजनमापे खात्यात निरीक्षक होतो. दुकानांतली मापं तपासायची आणि खरी असतील तर त्यांवर शिक्का मारायचा, हे माझं काम. निवृत्त झाल्यापासून इमारतीतल्या मुलांना जिन्याखालच्या खोलीत गणित शिकवतो, फुकट आणि हौसेने. आजवर एकाही मुलावर मी आवाज चढवलेला नाही. मोठ्या माणसांबद्दल असा दावा मी करत नाही.

तर मुंगीने पेपरसोबत एक कागद माझ्यापुढे ठेवला. दहा ओळी लिहून तयार होत्या.

“आजोबा, इथे सही.”

मी वाचलं. चष्मा पुसून पुन्हा वाचलं.

“अगं, तुझं आठ बरोबर आहे!”

“असेल.”

“असेल म्हणजे काय? आहे!”

“आजोबा, करा ना सही. शुक्रवारपर्यंत कागद दिला नाही तर खेळाचा तास बंद आणि जादा वर्ग. मी रिलेमध्ये तिसरी पळते, माझ्या जागी दुसरीला घेतील.”

“ते राहू दे. तुला स्वतःला काय वाटतं? निळा किती?”

तिने खांदे उडवले. “जे लिहायचं असेल ते.”

चुकणारं मूल मला आवडतं. चूक कुठे झाली ते शोधण्यात आमचा अर्धा तास मजेत जातो. पण बरोबर आलेलं मूल खांदे उडवायला लागलं, तर त्याला काय शिकवायचं, हे मला ठाऊक नाही. माझ्या डोक्यात तिडीक गेली.

“मी सही करणार नाही!” मी उभं राहून जाहीर केलं.

“कशावर?” आतून हिने विचारलं. ही म्हणजे मुंगीची आजी.

“असत्यावर!”

“बरं. पार्सलवाला दारात उभा आहे, त्याच्या कागदावर तरी करा.”

तिथे सही करताना माझा बाणेदारपणा थोडा उणावला, हे मान्य करतो.

तोवर वरच्या मजल्यावरचे वकील खाली आलेच होते. आमच्या घरात आवाज चढला की वकिलांना चपला सापडतात. त्यांनी पेपर हातात घेतला, उजेडात धरला, उलटा करून पाठही पाहिली.

“गणित मला कळत नाही,” ते म्हणाले, “पण केस मजबूत आहे. तुम्ही रागावू नका. रागाने केस पडते.”

“मी रागावलेलो नाही!”

“हे वाक्य तर अजिबात बोलू नका.”

आता ते तेरा पूर्णांक कुठून आलं, हे तुम्हाला सांगतो, म्हणजे मला एवढा राग का आला ते कळेल. कुणीतरी तीन आणि दोन पाहिले, दोन वर ठेवले, तीन खाली ठेवले, आणि त्या दोन तृतीयांशाने वीसला गुणलं. एकूण भाग पाच आहेत, हे त्या गृहस्थांच्या गावीच नव्हतं. आता ही चूक मुलं करतातच. माझ्या जिन्याखालच्या खोलीत वर्षाला निदान दहा जण करतात. पण ती मुलं लाल शाई घेऊन दुसऱ्याच्या बरोबर उत्तरावर फुल्या मारत फिरत नाहीत.

बुधवारी मी शाळेत गेलो. शाळेच्या फाटकातून आत शिरलं, की माणसाचं नाव, हुद्दा, शिक्षण सगळं बाहेर राहतं आणि तो नुसता ‘आजोबा’ होतो. पहारेकरी म्हणाला, “आजोबा, इकडे सही.” शिपाई म्हणाला, “आजोबा, तिकडे बसा.” बसायला मिळालं ते बालवर्गातलं बाक. गुडघे हनुवटीला टेकवून मी चाळीस मिनिटं बसलो. त्या अवस्थेत कुणाचाही स्वाभिमान ताठ राहत नाही. पाठ तर नाहीच नाही.

गणिताच्या बाई आल्या. वय पंचविशीचं, हातात चार तुकड्यांचे गठ्ठे, डोळ्यांखाली काळं. मी सबंध वाट भांडणाची तयारी करत आलो होतो. त्यांनी पेपर पाहिला, इकडेतिकडे पाहिलं आणि हळूच म्हणाल्या, “आजोबा, खरं सांगू? मलाही आठच आलं होतं.”

“मग?”

“उत्तरसूचीत तेरा पूर्णांक एक तृतीयांश आहे. मला वाटलं, माझंच काहीतरी चुकलं.”

“अहो, पण तुम्ही गणिताच्या शिक्षिका!”

“मी इथे पहिल्याच वर्षाला आहे. सूची समितीने केलेली आहे. सहा वर्षं हीच चालते.”

सहा वर्षं! वर्षाला चार तुकड्या, तुकडीत पन्नास मुलं. करा गुणाकार. बाराशे मुलांनी या गणिताशी झटापट केली. त्यांतली कितीतरी जणं आठवर पोचली असतील आणि कितीतरी जणांनी खांदे उडवले असतील. त्या बाईंवर ओरडायला घेतलेला श्वास मी तसाच गिळला, कारण आठ येऊनही गप्प बसलेली मुंगीच समोर उभी होती, फक्त बारा-तेरा वर्षांनी मोठी.

“तुम्ही हरकत अर्ज करा,” बाई म्हणाल्या. “कारकुनांकडे मिळेल.”

कारकुनांनी मला ‘नमुना तीन’ दिला. त्यात एक ओळ होती: हरकतीचे स्वरूप: गैरहजेरी / गणवेश / बस / इतर. मी ‘इतर’वर खूण केली.

“इतर असेल तर पुरावा जोडावा लागतो,” कारकून म्हणाले.

“कशाचा पुरावा?”

“तुमचं म्हणणं खरं असल्याचा.”

मी अर्जाच्या पाठीवर पाच खोकी काढून दाखवली. त्यांनी ती शांतपणे पाहिली.

“हे गणित झालं, आजोबा. मी पुरावा म्हणतोय. मागे एकांनी डॉक्टरांचा दाखला जोडला होता.”

“प्रमाणाच्या गणिताला डॉक्टरांचा दाखला?”

“नाही, ते गैरहजेरीचं होतं. पण दाखला कसा, शिक्क्यासकट होता. शुक्रवारी मुख्याध्यापिकाबाईंपुढे सुनावणी आहे, तोवर आणा.”

एकतीस वर्षं ज्याने शिक्के मारले, त्याला शिक्क्याचं महत्त्व कारकुनाने सांगावं! मी काही बोललो नाही. म्हणजे बोललो, पण तोवर फाटकाबाहेर आलो होतो, आणि ते पहारेकऱ्याने ऐकून घेतलं.

संध्याकाळी वकिलांनी मार्ग काढला. “तज्ज्ञाची साक्ष घ्या. प्रश्न रंगाचा आहे ना? मग रंगारी गाठा.”

गुरुवारी सकाळी मी आमच्या शेजारच्या इमारतीत गेलो. तिथे जिन्याला रंग चालला होता. रंगारी शिडीच्या वरच्या पायरीवर होता. मी खालून गणित वाचून दाखवलं, स्वल्पविरामांसकट.

“तीन डबे पांढरे, दोन डबे निळे, ढवळायचं,” तो वरूनच म्हणाला. “पाच झाले. वीस पाहिजेत, तर असंच चार वेळा. बारा पांढरे, आठ निळे. यात विचारायचं काय आहे?”

माझ्या डोळ्यांत पाणी यायचंच बाकी होतं. “हे लिहून द्याल?”

“लिहून कशाला? रंग करून देतो.”

त्याने तीनास दोन रंग कालवला, एका फळीवर दोन हात मारले आणि फळी माझ्या हातात दिली. फिकट, शांत, सुरेख निळा रंग. शिवाय दोन-दोन लिटरचे दोन डबेही दिले. “त्यांच्यासमोर कालवा आणि फळीला लावून बघा,” तो म्हणाला. “रंग जुळला की भांडण मिटलं.” आणि मग शिडीवरून वाकून, “आजोबा, पण मापाने घ्या हं.”

मापाने घ्या! मला! मी हसलो. तेव्हा हसलो.

शुक्रवारी सकाळी मी हिला म्हटलं, “दोन मापं दे. पांढऱ्याला एक आणि निळ्याला एक. एकाच मापाने घेतले तर डब्यांत रंग बिघडतील.”

“रंगात बुडवायला चांगली भांडी मिळणार नाहीत,” ही म्हणाली, आणि कान तुटलेला एक कप आणि चेपलेली एक वाटी पिशवीत टाकली, वर एक जुनी बादली दिली. मी पिशवीत पाहिलंसुद्धा नाही. माझं लक्ष भाषणाच्या पहिल्या वाक्याकडे होतं.

फाटकावर पहारेकऱ्याने डबे अडवले. पदार्थ ज्वलनशील आहे काय, हे विचारून ये म्हणून त्याने शिपायाला आत धाडलं. शिपाई विचारून येईपर्यंत मी उन्हात उभा. शेवटी नोंदवहीत लिहिलं गेलं: ‘आजोबा १, डबे २, फळी १, बादली १.’ या प्रमाणाला अतिसंक्षिप्त रूप देता येत नाही, एवढंच समाधान. आत जाताना निळ्या डब्याचं झाकण उडालं आणि माझ्या विजारीचा डावा पाय गुडघ्यापासून खाली निळा झाला. तशाच थाटात मी मुख्याध्यापिकाबाईंच्या खोलीत प्रवेश केला. त्यांनी आधी विजार पाहिली, मग मला.

खोलीत गणिताच्या बाई होत्या, नमुना तीन घेऊन कारकून होते, आणि ‘संबंधित विद्यार्थिनी’ म्हणून मुंगीलाही वर्गातून बोलावलं होतं. ती भिंतीला चिकटून उभी होती. रिलेची शेवटची निवड दुपारी होती आणि बिनसहीचा तो कागद तिच्या हातात होता.

“हे बघा, आजोबा,” मुख्याध्यापिकाबाई म्हणाल्या, “ही सूची मी स्वतः केली आहे. सहा वर्षांत कुणाची हरकत आली नाही.”

म्हणजे ते गृहस्थ हेच होते! मी भाषण सुरू केलं. प्रमाण म्हणजे काय, भाग म्हणजे काय, लहानपणी मिळालेलं गणित आयुष्यभर कसं पुरतं. मध्येच आवाज इतका चढला, की बाहेरच्या बालवर्गातल्या कविता थांबल्या. मग मी बादली मांडली, फळी भिंतीला टेकवली, आणि मोठ्याने मोजत रंग ओतायला लागलो. कपाने पांढरा: एक, दोन, तीन... बारा. वाटीने निळा: एक, दोन... आठ. झाले वीस! ढवळलं. विजयाने फळी उचलली आणि बादलीशेजारी धरली.

फळी निळी होती. बादलीतला रंग जेमतेम निळसर होता. दुधात शाईचे दोन थेंब पडावेत, तसा.

 मी लाकडी पट्टीने आणखी ढवळलं. ढवळण्याने काही झालं नाही.

“पाहिलंत?” मुख्याध्यापिकाबाई अगदी गोड आवाजात म्हणाल्या. “आठ घेतले तर निळा कमी पडतो. म्हणजे निळा आठपेक्षा जास्त लागतो. साधारण तेरा.”

“पूर्णांक एक तृतीयांश,” कारकुनांनी भर घातली आणि नमुना तीनवर काहीतरी लिहायला घेतलं.

मुलांनो, मला घाम फुटला. क्षणभर, अगदी एकच क्षण, मलाही वाटलं, की आपलंच काहीतरी चुकलं असेल. ज्या वाटेने गणिताच्या बाई गेल्या, मुंगी गेली, त्याच वाटेवर मीही पाय ठेवला. आणि त्या वेळी भिंतीकडून आवाज आला.

“आजोबा, कप मोठा आहे.”

“काय?”

“कप मोठा आहे, वाटी लहान आहे. पांढरं जास्त पडलं.”

मी हातातला कप पाहिला. मग वाटी पाहिली. कपात तसल्या दोन वाट्या सहज मावल्या असत्या. एकतीस वर्षं! खोट्या मापांसाठी मी भल्याभल्या दुकानदारांना घाम फोडला, आणि इथे भर शाळेत स्वतः दोन मापं घेऊन बसलो. त्या खोलीत जमिनीने मला पोटात घ्यायला हवं होतं, पण तिथे फरशी होती.

“पोरी,” मुख्याध्यापिकाबाई म्हणाल्या, “तू मध्ये बोलू नकोस.”

मुंगी बोललीच नाही. ती पुढे आली. टेबलावरचा काचेचा जग उचलून तिने त्यातलं पाणी खिडकीतल्या कुंडीत ओतलं. “अगं अगं, तो पिण्याचा जग!” असं कारकून म्हणेपर्यंत वाटी पुसून झाली होती. डब्याच्या तळाशी उरलेल्या पांढऱ्याच्या तीन वाट्या. मग वाटी पुन्हा पुसून, त्याच वाटीने, निळ्याच्या दोन. माझीच पट्टी घेऊन तिने ढवळलं, आणि जग फळीला लावून धरला. फळी कुठे संपते आणि जग कुठे सुरू होतो, ते कळेना.

“जुळला,” गणिताच्या बाई म्हणाल्या. मग, जरा मोठ्याने, “मॅडम, मलाही आठच आलं होतं.”

मुख्याध्यापिकाबाईंनी त्यांच्याकडे असं पाहिलं, की मी असतो तर खुर्चीमागे गेलो असतो. बाई गेल्या नाहीत.

“रंगाचं ठीक आहे,” मुख्याध्यापिकाबाई म्हणाल्या. “पण उत्तर आकड्यांत असतं.”

“मॅडम,” मुंगी म्हणाली.  “तीनास दोन म्हणजे पांढरा जास्त. वीसमध्ये निळा तेरा झाला, तर पांढरा सातसुद्धा उरत नाही. मग पांढरा जास्त कसा?”

माझ्या तीन दिवसांच्या रागात, अर्जात, बादलीत आणि भाषणात हे एक वाक्य नव्हतं. मुख्याध्यापिकाबाईंनी पेन्सिल घेतली, वीसमधून तेरा पूर्णांक एक तृतीयांश वजा केले, आणि आलेल्या आकड्याकडे बराच वेळ बघत बसल्या. बाहेर बालवर्गाने कविता पुन्हा सुरू केली.

“ठीक आहे,” शेवटी त्या म्हणाल्या. “विशेष बाब म्हणून हिला दोन गुण देऊ. सूचीचं पुढच्या वर्षी पाहू.”

“आणि कागद?” कारकुनांनी विचारलं. “दहा वेळा लिहिण्याची नोंद रजिस्टरला झालेली आहे. सहीचा कागद फाइलला लागेल.”

“हो, तेवढी सही करून टाका, आजोबा. नुसती औपचारिकता. मग ती खेळायला मोकळी.”

आता जे झालं ते मला लपवता आलं असतं, पण तुमच्यापाशी खोटं बोलायचं नाही असं मी ठरवलं आहे. मी दमलो होतो. एक पाय निळा होता. कपाची आणि वाटीची लाज अजून कानांत गरम होती. दोन गुण मिळाले, रिले वाचली, आणखी काय हवं, असं मनात आलं. मंगळवारी ज्याने असत्यावर सही करणार नाही म्हणून घर डोक्यावर घेतलं होतं, त्याच माणसाने खिशातून पेन काढलं, मुंगीच्या हातातला कागद घेतला, गुडघ्यावर ठेवला आणि सहीचं पहिलं अक्षर टेकवलं.

मुंगीने कागद माझ्या हाताखालून ओढून घेतला. पेनही घेतलं.

टेबलाच्या कडेला उभी राहून तिने पहिल्या ओळीतल्या ‘तेरा पूर्णांक एक तृतीयांश’वर टेबलावरच्या पट्टीने सरळ रेघ मारली आणि वर बारीक अक्षरात ‘आठ’ लिहिलं. मग दुसऱ्या ओळीत. मग तिसऱ्या. तिने घाई केली नाही आणि कुणी तिला थांबवलं नाही. मधल्या सुट्टीची घंटा झाली तेव्हा ती सातव्या ओळीवर होती. दहावी ओळ झाल्यावर तिने सगळ्या ओळी एकदा वरून खाली वाचून पाहिल्या, कागद उचलला आणि मला ओलांडून मुख्याध्यापिकाबाईंच्या समोर ठेवला.

“मॅडम,” ती म्हणाली, आणि पेन त्यांच्याकडे धरलं, “आधी तुमची.”